टेलचं पाणी

पंगतीत बुंदी वाढायची असली की माणूस साधारणपणे वरच्या बाजूनं सुरुवात करतो. सरपंच, चेअरमन, गुरुजी, मग बाकीची जनता. मामा शेवटाकडून करायचे. मांडवाच्या तोंडाशी, जिथं चपलांचा ढीग पडलेला असतो, तिथं बसलेल्या माणसाच्या ताटात पहिली बुंदी पडायची. एका लग्नात सरपंचापर्यंत नुसता चुरा पोचला. ते म्हणाले, "काय मामा, आमी काय घोडं मारलं तुमचं?" मामा म्हणाले, "तुमाला काय, घरी बी मिळती," आणि रिकामी बादली घेऊन आत गेले. तेव्हापासून त्यांना कुणी बुंदी वाढायला सांगत नसे, पाणी वाटायला सांगत. पाणीही ते शेवटाकडूनच वाटत.

हे काही माझे सख्खे मामा नव्हेत. सिद्धेश्वर धरणाच्या कालव्यावर ते पाटकरी होते, म्हणजे कालव्याच्या काठानं चालत फिरून शेतकऱ्यांना पाळीपाळीनं पाणी सोडणारा माणूस. मी त्याच कालव्यावर निरीक्षक. कागदावर मी त्यांचा साहेब आणि ते माझे कर्मचारी, पण वयानं वीस वर्षांनी मोठे. सगळा कालवा त्यांना मामा म्हणायचा म्हणून मीही म्हणायचो, आणि ते मला साहेब म्हणायचे.

कालव्याचं एक जुनं दुखणं आहे. ज्यांची शेतं वरच्या तोंडाला, त्यांना पाणी आधी दिसतं, आणि दिसलं की माणूस ओढतोच. शेवटाला, ज्याला आम्ही टेल म्हणतो, तिथं पोचेपर्यंत चारीत, म्हणजे शेताकडं जाणाऱ्या लहान पाटात, ओलसुद्धा उरत नाही. म्हणून नियम असा, की आधी टेल भिजवायचा आणि मग एकेक गेट उघडत वर यायचं. हा नियम आमच्या खात्यात सगळ्यांना पाठ आहे. पाळणारा माणूस मी एकच पाहिला.

मामा सकाळी चहाआधी निघायचे आणि नऊ किलोमीटर चालत थेट टेलला जायचे. तिथं चारीत हात घालून ओल बघायचे. डोळ्यांवर त्यांचा भरवसा नव्हता, हात घालायचे. मग माघारी फिरून वर यायला सुरुवात. सायकल होती, पण ती ढकलत न्यायचे. काहून ढकलता म्हणून विचारलं तर म्हणाले, "बसलो की खालचं दिसत न्हाई, साहेब."

वरच्या तोंडाला एका पुढाऱ्याचा ऊस होता. तो एकदा जीप थांबवून म्हणाला, "मामा, आज आमचं गेट उचला." मामा म्हणाले, "टेल भिजला की उचलतो." तो म्हणाला, "चार दिस लागतील त्याला." मामा म्हणाले, "मंग चार दिसांनी या." झालं. वरून फोन आला, मामांना कारणे दाखवा नोटीस निघाली आणि ती टाईप करायचं माझ्या नशिबी आलं. मी त्यांना बाजूला घेऊन सांगितलं, दोन ओळींत माफी मागून टाका, विषय संपेल. त्यांनी कागद हातात घेतला. मग खाली एकच ओळ लिहिली: टेल कोरडा होता. मला त्यांचा राग आला. खरं सांगायचं तर मला त्यांचा नेहमीच राग यायचा, कारण ते बराबर असायचे आणि त्याची तकलीफ मला व्हायची.

आता त्यांच्या दुसऱ्या कामाविषयी. त्याच्यासाठीच तर हे सगळं लिहायला बसलो.

आमच्या भागात कुणाच्या घरची वेळ बिघडली की मामांना बोलावणं यायचं. वेळ बिघडणं म्हणजे काय, हे ज्याच्या घरी झालंय त्याला सांगावं लागत नाही. कुठं दिवस असे सुटतात की दूध तापवून उतरवावं तोवर दिवेलागण. कुठं दुपार दारात येऊन बसते आणि तीन-तीन दिवस उठत नाही. डॉक्टर गोळ्या देतात, म्हातारी माणसं दृष्ट काढतात, आणि शेवटी कुणीतरी म्हणतं, पाटकरी मामाला बोलवा.

ते यायचे ते एक जर्मनची परात घेऊन, काठाला चेपलेली. पाण्याच्या बाटलीत टेलच्या चारीचं पाणी. धोतराच्या सोग्यात कालव्याच्या तळातले सात गोटे. आणि चुन्याच्या डबीत करडईची एक वाळलेली पाकळी. परात जमिनीवर ठेवून पाणी ओतायचे आणि वर पाकळी सोडायचे. वारा नसला तरी पाकळी फिरू लागायची. घरातली वेळ धावत असली तर गरगर फिरायची, अडलेली असली तर काठाला चिकटून बसायची. मग मामा एकेक गोटा पाण्यात ठेवायचे, सरकवायचे, काढायचे, पुन्हा ठेवायचे. तास-दीड तास हे चालायचं. पाकळी गाभण म्हशीच्या चालीनं फिरू लागली की म्हणायचे, "बसली." तोपर्यंत घरात कुणी किती वाजले विचारायचं नाही आणि मोबाईल पालथे ठेवायचे, एवढंच पथ्य. मंत्र नाही, लिंबू नाही, पैसा नाही. "ह्यात देव न्हाई, साहेब," ते म्हणायचे. "हे पाण्याचंच काम हाय." चहा मात्र घ्यायचे, पण करणारीनं आधी घेतला असला तरच.

पण परात टेकवण्याआधी ते एक प्रश्न विचारायचे आणि उत्तर मिळाल्याशिवाय खाली बसायचे नाहीत. "टेलला कोण हाय?"

मी त्यांना एकदा माझ्या मोटारसायकलवर गोरेगावला घेऊन गेलो होतो. दोन भावांचं किराणा दुकान, वर घर. भाऊ म्हणाले, दिवस हाताला लागत नाहीत, शटर उघडावं तर बंद करायची वेळ होते. मामांनी विचारलं, टेलला कोण हाय. दोघांना कळेना. मामा म्हणाले, "तुमच्यात शेवटाला कोण जेवतं?" तशी दाराआड उभी असलेली धाकटी सून मागं सरकली. मामांनी परात उचलून तिच्यापुढं नेऊन ठेवली. तिला खाली बसवलं, भावांना उभं ठेवलं. पाकळी अशी फिरत होती की दिसत नव्हती. चौथा गोटा ठेवला तेव्हा ती पहिल्यांदा बोलली. म्हणाली, "मला वाटतं माझं लगन परवाच झालं. आन् पोरगी चौथीला हाय." पाकळी तेव्हा सावकाश झाली. भावांची पाळी नंतर आली. परत येताना मी विचारलं, आधी दुकानदाराचंच का नाही धरलं. मामा मागून म्हणाले, "वरच्या तोंडाला कोणीबी पाजतं, साहेब."

कळमनुरीला एक रिटायर माणूस होता. त्याची दुपार संपायची नाही. मामांनी विचारलं, टेलला कोण हाय. तो म्हणाला, मी एकटाच. मामा घरभर फिरून आले, मागच्या अंगणात गेले आणि तिथूनच ओरडले, "सापडला." हातभर साखळीला बांधलेलं कुत्रं होतं. मामांनी परात कुत्र्यापुढं मांडली. त्यानं आधी अर्धं पाणी पिऊन टाकलं. मी हसून हसून बेजार झालो, पण मामा शांतपणे दुसरी बाटली उघडत होते. साखळी काढायला लावली आणि रोज संध्याकाळी कुत्र्याला बाजारापर्यंत न्यायला सांगितलं. तो माणूस पुढं मला बाजारात भेटायचा, कुत्रं पुढं, हा मागं. पण त्या दिवशीची गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे ती वेगळ्या कारणानं. माणूस 'कोणी न्हाई' म्हणाला तरी मामा उठून बघून आले होते.

माझे बाबा निवृत्त प्राथमिक शिक्षक. भिंतीवर बुद्धाचा फोटो, आणि गंडेदोरे, अंगारे या सगळ्यांशी जन्मभर भांडण. मामांचं ऐकून ते म्हणाले, "त्याला घरी आण, बघू दे मला." मामा आले. बाबांनी उलटतपासणी घेतली. घड्याळ असताना परात कशाला म्हणून विचारलं. मामा म्हणाले, "घड्याळ मोजतंय, गुरुजी. वाटप करत न्हाई." बाबा म्हणाले, "मंत्र म्हणत नाही ना? मग बसू दे." त्यानंतर मामा आमच्याकडं येऊ लागले, नुसते गप्पा मारायला. माय चहा टाकायची. मामा म्हणायचे, "अक्का, आधी तुमी," आणि ती हसून कप घेऊन आत जायची. ती प्यायची की नाही हे मी कधी बघितलं नाही.

बाबांची फुप्फुसं गेली. नांदेडच्या दवाखान्यातून घरी आणलं. तिसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टर येऊन गेले आणि बाहेर मला म्हणाले, दुपार काढतील असं वाटत नाही. धाकटा भाऊ पुण्याहून गाडी करून निघाला होता. तो दिवस मावळताना पोचणार होता, आणि डोळे उघडले की बाबा त्याचंच नाव घेत होते. मी मामांना फोन लावला. ते कालव्यावरून तसेच आले, गुडघ्यापर्यंत चिखल.

दारात उभे राहून म्हणाले, "साहेब, टेलला कोण हाय?"

मी म्हणालो, "कोणी न्हाई, मामा. आमचं घर ते केवढं. लवकर करा."

हे म्हणताना त्यांच्या खांद्यावरून मला स्वयंपाकघर दिसत होतं. माय आमच्याकडं पाठ करून गॅसपाशी उभी होती. सकाळपासून माणसं भेटायला येत होती आणि ती सकाळपासून चहा करत होती. मला ती दिसली. मी बघितलं आणि कोणी न्हाई म्हणालो. हे मी आज पहिल्यांदा लिहितोय, म्हणून नीट लिहितो.

मामा माझ्याकडं बघत राहिले. म्हणाले, "बघून येऊ का एकदा?"

"वेळ नाही, मामा," मी म्हणालो. आणि वर, जन्मात कधी वापरला नव्हता तो साहेबाचा आवाज वापरला. "मी सांगतोय ना."

त्यांनी परात बाबांच्या उशाशी मांडली. पाकळी नुसती पिसाळली होती. तरी गोटे बसले. सातवा गोटा ठेवला आणि पाकळी जवळजवळ थांबली. खोलीतलं ऊन कॅलेंडरच्या एका चौकोनावर पडलं होतं ते तिथंच राहिलं. शेजारच्या गिरणीचा आवाज मंद झाला. बाबांचा श्वास एक यायचा, आणि मग पुष्कळ पुष्कळ वेळानं दुसरा. माझ्या हातातला चहा किती वेळ गरम होता, काय सांगू. मी बाबांचा हात धरून बसलो. मला त्या दिवशी माझ्या बापाबरोबर जेवढा वेळ मिळाला तेवढा आधी सगळ्या आयुष्यात मिळाला नव्हता. शाळेतल्या गोष्टी, बदलीच्या गावाच्या गोष्टी, सगळं थोडं थोडं बोललो.

मधे दोनदा त्यांनी मायला हाक मारली. "अगं," म्हणाले. मी म्हणालो, "येईल आत्ता."

धाकटा आला. बाबांनी त्याला ओळखलं, गाडी कुठं लावली विचारलं, जेवलास का विचारलं. त्यांच्या गप्पा बराच वेळ चालल्या. मग मामांनी एक गोटा काढला, मग दुसरा. कॅलेंडरवरचं ऊन एकदम गेलं, बाहेर संध्याकाळ झालेली होती आणि बाबा गेले.

तेवढ्यात माय ट्रे घेऊन दारात आली. तिनं बाबांकडं बघितलं, मग धाकट्याकडं बघितलं. म्हणाली, "तू कवा आलास?" मग ती मला म्हणाली, "आत्ता तर आधण ठेवलं होतं मी. मामा आले तवाच. अजून उकळी बी न्हाई आली."

तिचा तो सगळा दिवस एका आधणात गेला होता. चाळीस वर्षांचा संसार, आणि शेवटचा दिवस उकळी फुटायच्या आत सरला. उशाला जेवढं साठवलं होतं तेवढं कुठून तरी गेलंच होतं की. कालव्यावर नोकरी करणाऱ्या माणसाला हे कळायला पाहिजे होतं. मला ते कळत होतंच.

मामा भिंतीला टेकून उभे राहिले. त्यांनी मायच्या हातातला ट्रे बघितला, मग मला बघितलं. परातीतलं पाणी अंगणातल्या लिंबाच्या बुडाशी ओतलं आणि जाताना म्हणाले, "मी बघायला पायजे होतं."

त्यानंतर त्यांनी ते काम सोडलं. बोलावणी यायची. मामा सगळ्यांना एकच सांगायचे, "टेल न बघता गेट उचललं मी. आता माझा हात गेला." लोकांनी त्याचं आपापल्या परीनं काहीतरी केलं. गुरुजींच्या घरी मामाची परात उलटली म्हणे. म्हातारा चळला म्हणे. ऑफिसात चहाच्या वेळी थट्टा व्हायची आणि मी फाइलीत तोंड घालून बसायचो. मला तिथं एवढंच म्हणायचं होतं, की त्यांनी विचारलं होतं, मी खोटं बोललो. सहा शब्द. पण नातेवाईक तेव्हा कौतुक करत होते, की थोरल्यानं बापाला धाकट्यासाठी धरून ठेवलं. ते कौतुक मला गोड लागलं. मग महिना झाला, सहा महिने झाले, आणि अशा गोष्टी शिळ्या झाल्या की तोंडातून काढणं आणखी अवघड होतं. मामांनीही मला कधी विचारलं नाही. भेटले की "नमस्कार साहेब" म्हणायचे आणि सायकल ढकलत पुढं जायचे.

माय तेव्हापासून विरळ झाली. काल काय झालं हे तिला सापडायचं नाही. आज कोणता वार, हे दिवसातून तीनदा विचारायची. मी म्हणायचो वय झालं. कुणी येवो न येवो, चहाचं आधण मात्र ठेवायची.

दोन वर्षांनी मामा रिटायर झाले. शेवटच्या दिवशी ऑफिसात आले ते एका पोत्यात सगळ्या सामानासकट परात गुंडाळून. माझ्या टेबलावर ठेवली. गुडघे पार गेले होते, टेबलाला धरून उभे होते. म्हणाले, "टेल राहिलाय, साहेब. आता तुमी बघा."

आणि मी काय केलं? मी रजिस्टर उघडून नोंद केली. टेलची पाहणी बाकी. नव्या पाटकऱ्याला फोन लावला. त्यानं सांगितलं, पाणी पोचतंय. मी खाली 'पूर्तता' लिहिलं, सही केली, आणि परात कपाटात फाइलींच्या मागं ठेवून दिली. मामा बघत उभे होते. एवढंच म्हणाले, "बरं."

गेल्या हिवाळ्यात ते वारले. मला चार दिवसांनी कळलं. त्यांचं गाव टेलच्याही पलीकडं, माळावर. घरी चार शेळ्या, दोन मेंढरं आणि मामी. मामींनी मला घोंगडीवर बसवलं. मी तिथं तरी बोलणार होतो, मनाशी ठरवून गेलो होतो. तर त्याच म्हणाल्या, "तुमच्याच घरचं लई बोलायचे. बुधवारी काई झालं तरी तिकडं जायाचे. ताप असला तरी. मी म्हणायची, काहून जीव काढून राहिले? तर म्हणायचे, साहेबाचा टेल हाय."

बुधवारी माझी हिंगोलीला मीटिंग असते. बायको शाळेवर. घरी माय एकटी.

मी घरी येऊन मायला विचारलं. ती तांदूळ निवडत होती. "व्हय," म्हणाली. "दोन वर्सं येत होते. दर बुधवारी. हितं उंबऱ्यापाशी परात मांडायचे आन् मला बसवायचे. म्हणायचे, तुमच्या पोरानं पाठवलंय."

मी ताट तिच्या मांडीवरून काढून घेतलं आणि सगळं सांगितलं. मामांनी विचारलं होतं ते, तू मला दिसत होतीस ते, मी कोणी न्हाई म्हणालो ते. मला रडू आलं, पण थांबलो नाही. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "मला ठावं हाय."

"कसं?"

"त्या दिसातलं मला थोडं थोडं मिळत होतं, परात मांडली की. एका बुधवारी यांच्या श्वासाचा आवाज आला. एका बुधवारी यांनी हाक मारली ती ऐकू आली. दोनदा. आन् तुझा बी आवाज आला, येईल आत्ता म्हणलास." तिनं एक खडा उचलून टाकला. "मामाला म्हणलं मी, हे असं ऐकू आलं म्हणून. तर म्हणले, अक्का, तेव्हा पोरगं घाबरलं होतं. म्हणूनच आता त्यानं मला पाठवलंय."

म्हणजे मामांना सगळं माहीत होतं. दारातच कळलं असेल, मी साहेबाचा आवाज काढला तेव्हाच. तरी गावभर स्वतःच्या नावानं चूक सांगत फिरले आणि माझ्या नावानं माझ्या आईपाशी येऊन बसले. मी त्यांना निरोपाच्या दिवशी एक शाल आणि नारळ दिला होता.

"मग बंद का झाले?" मी विचारलं.

"गुडघे गेले ना त्यांचे. परात साहेबाकडं दिली म्हणले. आता तुमचं पोरगं सोता येईल, बुधवारी." ती माझ्याकडं बघत नव्हती. "मी बसत होते उंबऱ्यापाशी. पुढचे कैक बुधवार बसले."

एकाच घरात राहत होतो आम्ही. वर्ष उलटून गेलं होतं.

"किती राहिलंय अजून?" मी विचारलं.

"दुपारपस्तोर मिळालं," माय म्हणाली. "संध्याकाळ राह्यली."

पुढच्या बुधवारी मी मीटिंगला गेलो नाही. कपाटातून पोतं काढलं. परात, सात गोटे, चुन्याची डबी, डबीत पाकळी, सगळं जागच्या जागी होतं. बाटली घेऊन टेलला गेलो, चालत. चारीत हात घातला तर माती कोरडी ठक्क. माझ्याच रजिस्टरमध्ये माझ्याच सहीनं तिथं पाणी पोचत होतं. मग माघारी फिरलो आणि वरची गेटं एकेक करून बंद करत गेलो. फोन वाजायला लागले. पुढाऱ्याचा आला, वरच्या साहेबांचा आला. मी घेतले नाहीत. दुसऱ्या दिवशीही कालव्यावर, तिसऱ्या दिवशीही. नोटीस निघाली, ती या वेळी दुसऱ्या कुणीतरी टाईप केली. उत्तरात मी मामांचीच ओळ लिहिली. टेलला पाणी पोचायला मंगळवार उजाडला, तेव्हा कुठं बाटली भरली.

दुसऱ्या दिवशी, बुधवारी, घरी उंबऱ्यापाशी परात मांडली. पाणी ओतलं, पाकळी सोडली. ती सरळ जाऊन काठाला चिकटली. गोटे कसे ठेवायचे मला येत नाही. मामांना ते कधी विचारलंच नव्हतं, इतकी वर्षं नुसता बघत उभा राहिलो होतो. एक ठेवला, काढला, दुसरीकडं ठेवला. पाकळी हलेना.

आत माय गॅसपाशी उभी होती, माझ्याकडं पाठ करून.

"माय," मी म्हणालो.

"चहा ठेवलाय. उकळी आली की येते."

"आधी ये."

गॅस बंद केल्याचा आवाज आला. पदराला हात पुसत आली, गुडघ्यावर हात ठेवून हळूच परातीपाशी बसली. पाकळीकडं बघितलं, माझ्या हातातल्या गोट्याकडं बघितलं.

"मामा बसायच्या आधी इचारायचे," ती म्हणाली. "तू इचारलं न्हाईस."

मी हातातला गोटा खाली ठेवला.

"टेलला कोण हाय?"

"मी हाय," माय म्हणाली.